आनंद पटवर्धन यांचे माहितीपट : नगरचा वारसा आणि त्याची उलटतपासणी

प्रस्तावना

आनंद पटवर्धन यांच्या माहितीपटांचा विचार आजवर मुख्यतः दोन अंगांनी झाला आहे. एका बाजूला त्यांच्याकडे स्वतंत्र भारतातील राजकीय माहितीपटाचे अग्रणी म्हणून पाहिले गेले, आणि दुसऱ्या बाजूला परिनिरीक्षण मंडळ, दूरदर्शन आणि न्यायालये यांच्याशी त्यांनी दीर्घकाळ दिलेल्या झुंजीची नोंद अभिव्यक्तिस्वातंत्र्याच्या इतिहासात घेतली गेली. ही दोन्ही अंगे महत्त्वाची असली, तरी त्यांतून एक गोष्ट निसटते : मुंबईत १९५० साली जन्मलेल्या आणि मुंबईतच काम करत आलेल्या या दिग्दर्शकाच्या वैचारिक घडणीचे एक मूळ अहमदनगर, म्हणजे आजच्या अहिल्यानगर, जिल्ह्यात आहे. हे मूळ केवळ घराण्यापुरते नाही. नगर शहरातील पटवर्धन कुटुंबाची गांधीवादी-समाजवादी परंपरा, अकोले तालुक्यातील धामणगावात जन्मलेल्या दया पवार यांची दलित साहित्याची परंपरा आणि कोल्हार येथे जन्मलेल्या गोविंद पानसरे यांची श्रमिक चळवळीची व प्रबोधनाची परंपरा, असे एकाच जिल्ह्यातून निघालेले तीन प्रवाह या चित्रपटांत वेगवेगळ्या टप्प्यांवर येऊन मिळतात; आणि त्यांपैकी पहिला प्रवाह पुढच्या दोहोंच्या कसोटीवर घासून पाहिला जातो, हे या कारकिर्दीचे खरे वैशिष्ट्य आहे, अशी पुढील विवेचनाची भूमिका आहे.

माहितीपट, ज्याला मराठीत अनुबोधपट असेही म्हटले जाते, म्हणजे कल्पित कथेऐवजी प्रत्यक्षातील माणसे, घटना आणि स्थळे यांच्या चित्रणातून रचलेला चित्रपट. या प्रकाराची भारतातील सुरुवात मराठी माणसाच्या हातून झाली. सावेदादा म्हणून ओळखल्या जाणाऱ्या हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांनी १८९९ साली मुंबईच्या हँगिंग गार्डनमधील कुस्तीचे चित्रण केले, आणि केंब्रिजमध्ये रँग्लर ही पदवी मिळवून १९०१ साली परतलेल्या र. पु. परांजपे यांच्या स्वागताचा प्रसंगही त्यांनी टिपला. स्वातंत्र्यानंतर मात्र माहितीपटाची सूत्रे सरकारकडे गेली. १९४८ साली मुंबईत स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचे माहितीपट आणि वृत्तपट प्रत्येक चित्रपटगृहात मुख्य खेळाआधी दाखवणे परवान्याच्या अटीनुसार बंधनकारक होते. धरणे, कारखाने, पूर, दुष्काळ, नेत्यांचे दौरे अशा विषयांवरील या पटांतून काही उत्तम दिग्दर्शक घडले हे खरे. परंतु त्यांचा सर्वसाधारण साचा असा होता, की पडद्यावर सामान्य माणूस दिसे आणि त्याच्याविषयी बोलत मात्र एक अदृश्य, अधिकारयुक्त निवेदक. ज्याच्याविषयी बोलले जाते त्याच्याच तोंडून त्याची बाजू ऐकवणारा माहितीपट सरकारी चौकटीत विरळा होता, आणि पटवर्धनांचे काम नेमके तेथून सुरू होते.

या सुरुवातीमागची पार्श्वभूमी समजून घेण्यासाठी नगरकडे वळावे लागते. नगरचे वकील हरी केशव पटवर्धन यांच्या मुलांपैकी पुरुषोत्तम, म्हणजे रावसाहेब, आणि अच्युतराव हे दोघे स्वातंत्र्यलढ्यात अग्रभागी होते, तर त्यांचे धाकटे बंधू वासुदेव ऊर्फ बाळू हे आनंद पटवर्धन यांचे वडील. १९०५ साली नगरमध्ये जन्मलेले अच्युतराव काही काळ बनारसला अध्यापन करून सविनय कायदेभंगाच्या चळवळीत उतरले आणि १९३४ साली काँग्रेस समाजवादी पक्षाच्या संस्थापकांपैकी एक झाले. काँग्रेसच्या आत राहून तिला शेतकरी-कामगारांच्या प्रश्नांकडे वळवू पाहणाऱ्या या पक्षाची कल्पना नाशिकच्या तुरुंगातील चर्चांतून आकाराला आली होती, आणि जयप्रकाश नारायण हे त्या चर्चांतील अच्युतरावांचे सहकारी होते. ऑगस्ट १९४२ मध्ये ब्रिटिश सरकारने नेहरू, पटेल, आझाद आदी नेत्यांना नगरच्या भुईकोट किल्ल्यात स्थानबद्ध केले, तेव्हा नगरचेच अच्युतराव भूमिगत होऊन साताऱ्याच्या प्रतिसरकारला साहाय्य करत होते, आणि अखेरपर्यंत ते सरकारच्या हाती लागले नाहीत. रावसाहेबांचा पिंड अधिक गांधीवादी होता. साने गुरुजींच्या निधनानंतर आचार्य जावडेकर यांच्यासह त्यांनी १९५० ते १९५६ या काळात ‘साधना’ साप्ताहिकाचे संपादन केले. या दोघांच्या आयुष्यातील लक्षणीय भाग असा, की स्वातंत्र्य मिळाल्यावर त्यांनी सत्तेच्या जागा मागितल्या नाहीत. अच्युतराव तर १९५० च्या सुमारास पक्षीय राजकारणातूनच बाजूला झाले आणि पुढील आयुष्य त्यांनी प्रामुख्याने जे. कृष्णमूर्ती यांच्या विचारांशी निगडित शिक्षणकार्याला दिले.

सत्तेबाहेर राहून सत्तेला प्रश्न विचारण्याची ही वृत्ती पुतण्याच्या पहिल्याच महत्त्वाच्या चित्रपटात दिसते, आणि त्यातील योगायोग बोलका आहे. मुंबई विद्यापीठातून इंग्रजी साहित्याची पदवी आणि अमेरिकेतील ब्रँडाइस विद्यापीठातून समाजशास्त्राची पदवी घेतल्यावर पटवर्धन भारतात परतले व मध्य प्रदेशातील किशोर भारती या ग्रामीण शिक्षण व विकासाचे काम करणाऱ्या संस्थेत राहिले. १९७४ साली ते बिहारमध्ये पोहोचले, तेव्हा तेथील विद्यार्थी आंदोलनाचे नेतृत्व अच्युतरावांचे जुने सहकारी जयप्रकाश नारायण करत होते. ४ नोव्हेंबर १९७४ रोजी पाटण्यात निघालेल्या मोर्चावर लाठीमार होण्याची शक्यता होती, आणि त्याचे छायाचित्रण करण्यासाठी हाताशी होते ते घरगुती वापराचे, अरुंद फितीचे सुपर-८ कॅमेरे व उसना मिळालेला १६ मिलिमीटरचा जुना कॅमेरा. सुपर-८ वर टिपलेली दृश्ये नंतर पडद्यावर प्रक्षेपित करून १६ मिलिमीटरच्या फितीवर पुन्हा चित्रित करण्यात आली. त्यामुळे प्रतिमा खरबरीत, धूसर झाली, परंतु ‘क्रांति की तरंगें’ या चित्रपटाला आलेला निकडीचा पोत याच साधनांच्या तुटपुंजेपणातून आला. जून १९७५ मध्ये आणीबाणी जाहीर झाल्यावर हा चित्रपट उघडपणे दाखवणे अशक्य झाले. त्याची प्रत तुकड्यांमध्ये देशाबाहेर नेण्यात आली आणि परदेशात ती पुन्हा जोडून आणीबाणीविरोधी सभांमधून दाखवली गेली. १९४२ साली भूमिगत पत्रकांनी जे केले, ते एका पिढीनंतर चित्रफितीने केले, असे म्हटल्यास अतिशयोक्ती होणार नाही.

आणीबाणीच्या काळात पटवर्धन कॅनडातील मॅकगिल विद्यापीठात संज्ञापनशास्त्राचा, म्हणजे समाजात माहिती आणि विचार कसे पोहोचतात याचा, अभ्यास करत होते, आणि त्यांच्या प्रबंधाचा विषय ‘गनिमी’ चित्रपट हाच होता. लॅटिन अमेरिकेत १९६० च्या दशकाच्या अखेरीस फर्नांदो सोलानास, ऑक्टाव्हिओ गेतिनो, ज्यूलिओ गार्सिया एस्पिनोसा आदी दिग्दर्शकांनी असा विचार मांडला होता, की गरीब देशांतील चित्रपटाने हॉलिवूडच्या तांत्रिक सफाईचा ध्यास सोडावा, अपुऱ्या साधनांनाच आपली शैली मानावे आणि प्रेक्षकाला निष्क्रिय ग्राहक न समजता चळवळीतील सहभागी समजावे. या विचाराचे संस्कार पटवर्धनांच्या कामावर स्पष्ट आहेत. भारतात परतल्यावर त्यांनी राजकीय कैद्यांवर ‘ज़मीर के बंदी’ (१९७८) हा चित्रपट केला आणि त्यात आणीबाणीतील बंदिवानांबरोबरच तिच्या आधीचे व नंतरचेही कैदी दाखवून, अन्याय एका राजवटीपुरता नसतो हा मुद्दा मांडला. जिम मन्रो यांच्यासह केलेला ‘अ टाइम टू राइज’ (१९८१) हा चित्रपट कॅनडाच्या ब्रिटिश कोलंबिया प्रांतातील भारतीय शेतमजुरांच्या संघटनेविषयी आहे.

या आरंभीच्या चित्रपटांतच त्यांची कार्यपद्धती पक्की झाली. कॅमेरा बहुधा ते स्वतः चालवतात आणि संकलन, म्हणजे चित्रित सामग्रीतून निवड करून तिची अर्थपूर्ण जुळणी करण्याचे काम, तेही स्वतःच करतात. निवेदन बेताचेच असते. त्याऐवजी कॅमेऱ्यामागून प्रश्न विचारणारा त्यांचा आवाज ऐकू येतो, आणि समोरचा मंत्री असो, पुजारी असो वा मजूर, त्याला आपले उत्तर पूर्ण करण्याइतका अवधी मिळतो. अनेकदा कोणतीही टीकाटिप्पणी न करता केवळ दोन मुलाखती शेजारी ठेवल्याने विसंगती उघडी पडते. एखाद्या विषयाचा पाठपुरावा वर्षानुवर्षे करणे आणि चित्रपट पूर्ण झाल्यावर तो स्वतः वस्त्यांत, महाविद्यालयांत, संघटनांच्या मेळाव्यांत नेऊन दाखवणे व नंतर चर्चा घडवणे, हाही या पद्धतीचाच भाग आहे. त्यामुळे त्यांच्या बाबतीत वितरण हे निर्मितीनंतरचे व्यापारी काम उरत नाही, तर चित्रपटाचे ते अखेरचे प्रकरण ठरते.

‘हमारा शहर’ (१९८५) या चित्रपटाने ही पद्धती महाराष्ट्राच्या मातीत रुजली. मुंबईतील पदपथांवर आणि झोपडपट्ट्यांत राहणारे लोक, त्यांच्या झोपड्यांवर चालणारे पालिकेचे हातोडे आणि या लोकांना शहराबाहेर घालवण्याची भाषा करणारा सुस्थित वर्ग यांचे हे चित्रण आहे. १९८१ च्या ऐन पावसाळ्यात झालेल्या हकालपट्टीचा प्रश्न सर्वोच्च न्यायालयात गेला होता, आणि ओल्गा टेलिस खटल्याच्या १९८५ मधील निकालाने उपजीविकेचा हक्क हा जगण्याच्या हक्काचाच भाग मानला. चित्रपट त्याच वर्षीचा आहे. उत्कृष्ट माहितीपटाचा राष्ट्रीय पुरस्कार त्याला मिळाला. पुढील कारकिर्दीच्या दृष्टीने मात्र त्यातील सर्वांत मोलाची गोष्ट म्हणजे विलास घोगरे यांचे गाणे. घोगरे हे डाव्या सांस्कृतिक चळवळीतील दलित शाहीर होते. पटवर्धनांच्या चित्रपटात शाहिरी परंपरा त्यांच्यामुळे आली, आणि तेव्हापासून गाणे हे या चित्रपटांत सजावट न राहता साक्ष झाले.

१९९० च्या दशकातील चित्रपट धर्म आणि हिंसा यांच्याभोवती फिरतात. पंजाबातील अस्वस्थ काळात भगतसिंगांच्या स्मृतीवर कोण कोणता दावा सांगतो हे पाहणारा ‘उना मित्राँ दी याद प्यारी’ (१९९०), अयोध्येच्या आंदोलनाचा मागोवा घेणारा ‘राम के नाम’ (१९९२) आणि पौरुषाच्या कल्पना व जमातवादी हिंसा यांचा संबंध तपासणारा ‘पिता, पुत्र और धर्मयुद्ध’ (१९९४) ही ती मालिका होय. ‘राम के नाम’मधील सर्वांत लक्षात राहणारा आवाज न्यायालयाने नेमलेले पुजारी लालदास यांचा आहे, मंदिराच्या नावाने चाललेल्या राजकारणाला त्यांनी धार्मिक माणूस म्हणून विरोध केला, आणि १९९३ साली त्यांची हत्या झाली. श्रद्धा आणि तिचे राजकीय भांडवल यांतील भेद हा चित्रपट ज्या काळजीने करतो, त्यात गांधीवादी संस्कार जाणवतो. पोखरणच्या १९९८ मधील अणुचाचण्यांनंतर भारत, पाकिस्तान, जपान व अमेरिका येथे चित्रित झालेला ‘जंग और अमन’ (२००२) हा तर त्या संस्काराचा उघड उच्चार आहे.

येथवरचे पटवर्धन आपल्या काकांचे वारसदार म्हणून सहज ओळखू येतात. परंतु गांधीवादी-समाजवादी परंपरेची एक मर्यादा होती : सवर्ण घरांतून आलेल्या तिच्या नेतृत्वाने अस्पृश्यतेचा मनापासून धिक्कार केला, तरी जातिव्यवस्थेकडे तिच्या तळाशी असलेल्यांच्या नजरेतून पाहणे तिला नेहमीच साधले असे नाही. ही नजर पटवर्धनांच्या चित्रपटांत ज्यांच्याकडून आली त्यांत दया पवार यांचे नाव घ्यावे लागते. प्रवरेच्या खोऱ्यातील धामणगावात १९३५ साली जन्मलेल्या पवारांनी ‘कोंडवाडा’ (१९७४) या कवितासंग्रहाने आणि ‘बलुतं’ (१९७८) या आत्मकथनाने मराठी वाचकांना गावगाड्याची दुसरी बाजू दाखवली. पवार, शाहीर संभाजी भगत आणि पटवर्धन यांच्या सहकार्यातून १९९६ च्या सुमारास ‘वुई आर नॉट युवर मंकीज’ हा अवघ्या पाच मिनिटांचा संगीतपट तयार झाला. रामकथेतील वानर, राक्षस आणि शंबूक हे जित समाजांचे चित्र आहे काय, असा प्रश्न त्यात दलितांच्या बाजूने विचारला जातो. ‘राम के नाम’ने रामाच्या राजकीय वापराला आव्हान दिले होते, तर हा छोटा पट खुद्द कथेलाच आव्हान देतो, म्हणजे गांधींच्या रामापासून फुले-आंबेडकरांच्या चिकित्सेपर्यंतचे अंतर दिग्दर्शकाने या काही वर्षांत कापले. दया पवार यांचे निधन डिसेंबर १९९६ मध्ये झाले.

११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाल्यानंतर जमलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळीबार केला आणि दहा जण मृत्युमुखी पडले. काही दिवसांतच विलास घोगरे यांनी आपल्या खोलीत गळफास घेतला; मृत्यूपूर्वी त्यांनी कपाळाला निळी पट्टी बांधली होती. आयुष्यभर लाल झेंड्याखाली गायलेल्या शाहिराने अखेरीस निळ्या रंगाची खूण का निवडावी, या प्रश्नाचा शोध घेत पटवर्धनांनी चौदा वर्षे चित्रण केले, आणि त्यातून तीन तासांहून अधिक लांबीचा ‘जय भीम कॉम्रेड’ (२०११) साकार झाला. डावी चळवळ आणि आंबेडकरी चळवळ यांच्यातील दुरावा, वस्त्यावस्त्यांतून गाणारे शाहीर, खैरलांजी हत्याकांडानंतरचा संताप आणि पुण्याच्या कबीर कला मंचातील तरुण कलावंतांवर आलेले भूमिगत होण्याचे प्रसंग हे सारे त्यात येते. आंबेडकरी शाहिरीचा इतका विस्तृत दृश्य दस्तऐवज दुसरा आढळत नाही, आणि मराठी संस्कृतीच्या अभ्यासकाला तो टाळून पुढे जाता येणार नाही.

तिसरा प्रवाह गोविंद पानसरे यांचा. १९३३ साली प्रवराकाठच्या कोल्हार येथे गरीब कुटुंबात जन्मलेले पानसरे शिक्षणासाठी कोल्हापुरास गेले, तेथेच कामगारांचे वकील व कम्युनिस्ट नेते झाले, आणि ‘शिवाजी कोण होता?’ या १९८८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या छोट्या पुस्तकाने शिवाजी महाराजांचे रयतेचा राजा हे रूप घरोघरी नेले. २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात अंधश्रद्धा निर्मूलन चळवळीचे नेते डॉ. नरेंद्र दाभोलकर यांची हत्या झाली, आणि १६ फेब्रुवारी २०१५ रोजी कोल्हापुरात गोळ्या झाडल्या गेलेल्या पानसरे यांचे चार दिवसांनी निधन झाले. ‘विवेक’ (२०१८) हा सुमारे चार तासांचा, प्रकरणांत विभागलेला चित्रपट या दोन हत्यांपासून निघून कर्नाटकातील विचारवंत कलबुर्गी आणि पत्रकार गौरी लंकेश यांच्या हत्यांपर्यंत आणि विद्यापीठांतील घडामोडींपर्यंत जातो. ॲम्स्टरडॅमच्या आंतरराष्ट्रीय माहितीपट महोत्सवात त्याला सर्वोत्कृष्ट माहितीपटाचा पुरस्कार मिळाला. केरळमधील महोत्सवात मात्र तो दाखवण्यासाठी २०१९ साली उच्च न्यायालयाची परवानगी मिळवावी लागली.

न्यायालयाचा हा उल्लेख अपवादात्मक नाही. भारतात चित्रपट सार्वजनिकरीत्या दाखवण्यापूर्वी १९५२ च्या चलच्चित्र अधिनियमानुसार प्रमाणपत्र घ्यावे लागते, आणि ख्वाजा अहमद अब्बास यांनी आपल्या माहितीपटाच्या निमित्ताने या पूर्वपरीक्षणालाच आव्हान दिले असता सर्वोच्च न्यायालयाने १९७० साली ते वैध ठरवले होते. त्यामुळे पटवर्धनांना लढाई तत्त्वाच्या पातळीवर एकदाच न लढता दर चित्रपटागणिक लढावी लागली. ‘जंग और अमन’मध्ये सुचवलेले काटछाटीचे आदेश मुंबई उच्च न्यायालयाने २००३ साली रद्द ठरवले, आणि ‘पिता, पुत्र और धर्मयुद्ध’ दाखवण्यास दूरदर्शनने दिलेला नकार सर्वोच्च न्यायालयाने २००६ साली अमान्य केला. सार्वजनिक पैशावर चालणारी प्रसारण यंत्रणा सरकारला न रुचणारे मत केवळ त्या कारणाने नाकारू शकत नाही, हे यांपैकी दुसऱ्या निकालाचे सार असून त्याचा लाभ पुढील माहितीपटकारांना मिळाला आहे. काकांनी परकीय कायदा मोडला. पुतण्याने स्वकीय संविधानाचा आधार घेऊन तोच हक्क मागितला.

‘वसुधैव कुटुंबकम्’ (२०२३) या चित्रपटात पटवर्धन प्रथमच आपल्या घराकडे वळले. वृद्ध आईवडिलांचे अनेक वर्षे केलेले घरगुती चित्रण त्याच्या केंद्रस्थानी आहे. वडिलांच्या बाजूने नगरचे रावसाहेब व अच्युतराव येतात, तर आईच्या बाजूने फाळणीपूर्व सिंध येतो. आई निर्मला या नामवंत कुंभारकलावंत. त्यांचे वडील भाई प्रताप यांनी फाळणीनंतर कच्छमध्ये सिंधी निर्वासितांसाठी गांधीधाम वसवले. राष्ट्रीय इतिहास येथे स्वयंपाकघरातल्या गप्पांतून उलगडतो, आणि एरवी इतरांना प्रश्न विचारणारा दिग्दर्शक स्वतःच्या वारशालाही प्रश्न विचारतो.

या कामावर घेतले जाणारे आक्षेप दुर्लक्षिण्याजोगे नाहीत. हे चित्रपट पक्ष घेतात, मूळचे सहमत असलेल्यांनाच ते पटतात, त्यांची लांबी प्रेक्षकाची परीक्षा पाहते, आणि दलितांच्या वेदनेचे चित्रण अखेर सवर्ण दिग्दर्शकाच्याच हातून होते, असे हे आक्षेप आहेत. पहिल्याचे उत्तर असे, की पटवर्धनांनी तटस्थतेचा दावा कधी केला नाही, आणि विरोधकाला त्याच्याच शब्दांत बोलू देण्याचा नियम त्यांनी सहसा मोडलेला नाही. लांबीचा आक्षेप, विशेषतः ‘विवेक’च्या बाबतीत, बऱ्याच अंशी मान्य करावा लागेल. शेवटचा आक्षेप सर्वांत गंभीर आहे, आणि त्याचे पूर्ण उत्तर एका दिग्दर्शकाने देण्यासारखे नाही. वस्त्यांतून आलेले तरुण स्वतः कॅमेरा हाती घेतील तेव्हाच ते मिळेल. तोवर एवढे म्हणता येते, की दया पवार आणि विलास घोगरे यांच्या सहवासाने दिग्दर्शकाची दृष्टी बदलली, आणि तो बदल त्याने पडद्यावर लपवला नाही.

नगर जिल्ह्याने भुईकोट किल्ला जपला, रावसाहेब-अच्युतरावांची आठवण ठेवली, ‘बलुतं’ अभ्यासक्रमातून वाचले. या सर्वांना जोडणारे चित्रपट मात्र जिल्ह्यातल्या प्रेक्षकांपुढे येण्याची गरज अजून उरलीच आहे. नगर, संगमनेर, अकोले, श्रीरामपूर येथील महाविद्यालयांनी, वाचनालयांनी आणि चित्रपट मंडळांनी ‘जय भीम कॉम्रेड’ आणि ‘वसुधैव कुटुंबकम्’ हे दोन चित्रपट तरी एकापाठोपाठ दाखवावेत आणि त्यांवर मोकळी चर्चा घडवावी. पुढील विवेचन वाचताना वाचकानेही ते चित्रपट पाहिलेले असावेत. कारण माहितीपटाविषयीचे लेखन कितीही सविस्तर असले तरी ते प्रत्यक्ष पाहण्याची जागा घेऊ शकत नाही.